प्लास्टर, पाळीच्या गोळ्या आणि फुप्फुसातली गुठळी: किनाऱ्यावरचं एक प्रकरण

पार्श्वभूमी

हे प्रकरण सिंधुदुर्गाच्या किनारपट्टीतलं. रुग्ण आणि तिच्या घरच्यांच्या संमतीने लिहितो आहे. ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत, काही बदलले आहेत. मी इथल्या एका छोट्या रुग्णालयात फिजिशियन आहे. आमच्याकडे एक्स-रे, ईसीजी, सोनोग्राफीचं फिरतं मशीन आणि ट्रोपोनिनची (हृदयाच्या स्नायूला इजा झाली की रक्तात वाढणारं प्रथिन) किट असते. सीटी स्कॅन नाही.

रुग्ण ४१ वर्षांची. घरी नवरा, सासू, कॉलेजात जाणारी मुलगी. थोडी आंब्याची कलमं, थोडं भात. श्रावणात जांभ्याच्या पायऱ्यांवर शेवाळ धरतं. विहिरीवरून येताना तिचा पाय सरकला आणि घोट्याचं हाड मोडलं. हाड जागेवर होतं, ऑपरेशन लागलं नाही. गुडघ्याखाली प्लास्टर घातलं आणि सहा आठवडे पाय टेकायचा नाही असं सांगितलं. गणपतीला तीन आठवडे उरले होते.

घर मोठं, गणपती पाच दिवसांचा, गौरी असतात, मुंबईहून दीर-जाऊ मुलांसकट येणार. वॉकर घेऊन का होईना, बसल्या जागी मोदक वळीन, नैवेद्याचं बघीन, अशी तिची तयारी होती. पाळीची तारीख मात्र नेमकी गौरींच्या दिवसांत येत होती. तिने शेजारच्या मुलाला पाठवून मेडिकलमधून पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या मागवल्या: नॉरएथिस्टेरॉन, ५ मिलिग्रॅम, दिवसातून तीन. हयगय नको म्हणून चार दिवस आधीच सुरू केल्या. गोळी कुणासाठी, तिचा पाय प्लास्टरमध्ये आहे का, हे दुकानात कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तरी त्या मुलाला काय सांगता येणार होतं!

चतुर्थीच्या तीन-चार दिवस आधी पोटरी ठणकू लागली, प्लास्टर आवळल्यासारखं वाटू लागलं, पायाची बोटं सुजली. जिथे प्लास्टर घातलं तिथे फोन केला. पाय उशीवर उंच ठेवा, सूज उतरेल, असं उत्तर मिळालं. चतुर्थीच्या दिवशी माजघरातून पडवीत येईपर्यंत तिला धाप लागली. खोल श्वास घेतला की उजव्या बरगडीखाली कळ येई. उसण भरली असेल म्हणून सासूबाईंनी पाठीला तेल चोळून दिलं. धावपळ, जागरण, पित्त, अशक्तपणा: घर पाहुण्यांनी भरलेलं असताना दम लागण्याला कारणं भरपूर मिळतात.

गौरी आणायच्या दिवशी सकाळी न्हाणीतून बाहेर येताना तिच्या डोळ्यांपुढे अंधारी आली आणि ती कोसळली. मिनिटभराने शुद्धीवर आली. कोविडच्या वेळचा ऑक्सिमीटर कपाटात होता. दिराने तो बोटाला लावला तर आकडा ८८.

अडचण

प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांनी ईसीजी काढला, हृदयाचा त्रास वाटला म्हणून ॲस्पिरिन दिली, ऑक्सिजन आणि सलाईन लावलं आणि १०८ बोलावून आमच्याकडे पाठवलं. ती पोचली तेव्हा नाडी १२४, रक्तदाब १०४/७०, श्वास मिनिटाला २८. ऑक्सिजन लावून आकडा ९५, काढला की पुन्हा ८८-८९.

"माका काय होता ता कळना नाय," एवढंच ती धापा टाकत म्हणत होती.

छातीला स्टेथोस्कोप लावला तर दोन्ही बाजूंना हवा नीट जात होती. घरघर नाही, पाणी नाही. एक्स-रे जवळपास स्वच्छ. फुप्फुसं ऐकायला आणि दिसायला चांगली, तरी रक्तात ऑक्सिजन कमी, आणि पाय प्लास्टरमध्ये. हे तीन एकत्र आले की पायातली गुठळी सुटून फुप्फुसाच्या रक्तवाहिनीत अडकली असावी, हा संशय सगळ्यात आधी घ्यायचा.

ईसीजीत छातीवरच्या पहिल्या चार लीडमध्ये टी-लहरी उलट्या होत्या आणि ट्रोपोनिन पॉझिटिव्ह आलं. एवढ्यावर हार्ट अटॅकचं निदान करणं सोपं होतं. पण फुप्फुसात मोठी गुठळी अडकली की हृदयाच्या उजव्या कप्प्यावर ताण येतो आणि त्या ताणानेही नेमकी हीच चित्रं दिसतात. म्हणून सोनोग्राफीचा प्रोब छातीवर ठेवला. उजवा कप्पा फुगून डाव्याच्या बरोबरीला आला होता. मग तोच प्रोब प्लास्टरच्या वर, गुडघ्यामागे आणि मांडीत. निरोगी शीर प्रोबने दाबली की पूर्ण मिटते. तिची गुडघ्यामागची शीर दाबूनही मिटेना, आत राखाडी गाठ दिसत होती.

आमच्यासारख्या ठिकाणी हे पाच मिनिटांचं काम फार मोलाचं आहे. फुप्फुसातल्या गुठळीची लक्षणं असलेल्या रुग्णाच्या गुडघ्यात किंवा मांडीत गुठळी दिसली, तर सीटीची वाट न पाहता उपचार सुरू करायला तो पुरावा पुरतो. डी-डायमर, म्हणजे गुठळी झाली की वाढणाऱ्या घटकाची रक्ततपासणी, आम्ही पाठवलंच नाही. संशय कमी असताना ते निगेटिव्ह आलं तर उपयोगी पडतं. इथे संशय दाट होता, शिवाय मोडलेल्या हाडामुळे ते वाढलेलंच आलं असतं.

गोळ्यांची गोष्ट मात्र अजून पुढे आली नव्हती. "कुठली औषधं चालू आहेत?" या प्रश्नाला नवऱ्याने कॅल्शियमची आणि दुखण्याची गोळी, एवढंच सांगितलं. सीटीआधी गर्भधारणेची लघवीची तपासणी करायची होती. त्या वेळी सिस्टरने पडदा ओढून घेतला आणि शेवटची पाळी कधी आली ते हळूच विचारलं. तेव्हा उत्तर आलं: "गवर येवची होती मां, म्हणान गोळये घेतलंय." सासू आणि दीर खाटेशी उभे असताना ती हे बोलली नसती.

नॉरएथिस्टेरॉन मोठ्या मात्रेत घेतलं की त्याच्या काही भागाचं शरीरात इथिनिल इस्ट्रॅडिओल होतं. गर्भनिरोधक गोळ्यांमध्ये असतं तेच हे संप्रेरक, आणि ते रक्त गोठण्याकडे कल वाढवतं. एरवी निरोगी बाईला चार-आठ दिवसांच्या गोळ्यांनी बहुधा काही होत नाही. पण मोडलेलं हाड, जखडलेला पाय आणि वर ह्या गोळ्या, अशी बेरीज तिच्या वाट्याला आली.

समोरचे पर्याय

काहीही न देता ताबडतोब सीटीसाठी पाठवणं हा पहिला. निदान पक्कं झाल्याशिवाय रक्त पातळ करणारं औषध द्यायचं नाही, असं मानणारे पुष्कळ आहेत. पण सीटी आमच्यापासून काही तासांवर होता, आणि या आजारात दुसरी गुठळी सुटण्याची भीती पहिल्या काही तासांतच जास्त असते. १९६० साली इंग्लंडमधल्या ब्रिस्टलमध्ये बॅरिट आणि जॉर्डन यांनी प्रसिद्ध केलेला अभ्यास यासाठी आजही आठवावा लागतो. उपचार न दिलेल्या १९ रुग्णांपैकी ५ जण फुप्फुसातल्या गुठळीने गेले. हेपॅरिन (रक्त पातळ करणारं इंजेक्शन) आणि नंतर त्याच कामाच्या गोळ्या दिलेल्या १६ जणांपैकी त्या कारणाने एकही नाही. अभ्यास मध्येच थांबवावा लागला.

दुसरा पर्याय आधी हेपॅरिन देऊन मग पाठवण्याचा. हेपॅरिन असलेली गुठळी विरघळवत नाही. ती वाढू देत नाही, नवी होऊ देत नाही. आहे ती शरीर आपल्या गतीने विरघळवतं.

तिसरा पर्याय दिराने मांडला. मुंबईतल्या एका डॉक्टर मित्राशी त्याचं फोनवर बोलणं झालं होतं. "डॉक्टर, हार्ट अटॅकमध्ये गुठळी विरघळवायचं इंजेक्शन देतात ना? तुमच्याकडे आहे म्हणतात. तेच वहिनीला द्या, लागेल तो खर्च करू."

इंजेक्शन होतं. टेनेक्टेप्लेज फ्रीजमध्ये ठेवलेलंच असतं. त्याचं म्हणणं चुकीचंही नव्हतं: गुठळीने रक्तदाब कोसळला, वरचा आकडा ९० च्या खाली गेला, तर हेच औषध जीव वाचवतं आणि तेव्हा एक मिनिट दवडायचं नसतं. पण तिचा रक्तदाब टिकून होता. उजवा कप्पा फुगलेला, ट्रोपोनिन वाढलेलं, तरी रक्तदाब ठीक, म्हणजे मध्यम जोखमीच्या गटात, त्यातही वरच्या टोकाला, ती बसत होती. याच प्रकारच्या हजारावर रुग्णांवरचा पायथो हा अभ्यास २०१४ मध्ये प्रसिद्ध झाला. नुसतं हेपॅरिन मिळालेल्यांपैकी ५.६ टक्के रुग्ण आठवडाभरात दगावले किंवा त्यांचा रक्तदाब कोसळला. टेनेक्टेप्लेज मिळालेल्यांमध्ये हे प्रमाण २.६ टक्के. फायदा दिसतो. पण पक्षाघाताचं प्रमाण ०.२ वरून २.४ टक्क्यांवर गेलं, बहुतेक मेंदूतल्या रक्तस्रावामुळे, आणि मृत्यूंच्या संख्येत ठरवून सांगता येईल असा फरक पडला नाही.

हे आकडे मी दिराला कागदावर लिहून दाखवले. ४१ वर्षांच्या बाईला आपण आत्ता हे दिलं तर एक संकट टाळताना दुसरं ओढवून घेण्याची शक्यता आहे. आणि मेंदूत रक्तस्राव झाला तर तो बघायला इथे सीटीही नाही. त्याला ते पटायला वेळ लागला. औषध समोर असताना ते न देणारा डॉक्टर नातेवाइकांना हात आखडता घेतोय असंच वाटतं, आणि त्यात त्यांचा दोष नाही.

नळी घालून गुठळी ओढून काढणं किंवा छाती उघडून शस्त्रक्रिया हे मोठ्या केंद्रातले उपाय. औषध देता येत नसेल किंवा देऊनही रुग्ण ढासळत असेल तेव्हाचे. पोटातल्या मोठ्या शिरेत जाळी बसवणं हे ज्यांना रक्त पातळ करणारं औषध चालतच नाही त्यांच्यासाठी. दोन्ही तिला लागू नव्हते.

आमच्याकडेच ठेवून उपचार करायचे का, यावरही बोलणं झालं. अशा रुग्णाचे पहिले दोन-तीन दिवस बेभरवशाचे असतात. बिघडली तर लागणारं अतिदक्षता दालन आमच्याकडे नाही. पाठवायचं हे नक्की झालं.

काय केलं

सगळ्यात आधी सलाईनचा वेग कमी केला. रक्तदाब जरा कमी दिसला की बाटली मोकळी सोडायची सवय सगळीकडे आहे. इथे ती घातक ठरते. कलमांना पाणी सोडलेल्या पाइपावर कुणी पाय ठेवला तर पंपावर ताण येतो, तसा उजवा कप्पा अडलेल्या रक्तवाहिनीवर जोर लावत असतो. त्यात आणखी पाणी ओतलं की तो अधिक फुगतो आणि डाव्या कप्प्याला दाबतो.

हेपॅरिनआधी एक गोष्ट पक्की करायची होती: कोसळताना डोकं आपटलं का? नवरा म्हणाला, आपटलं असणार. दीर म्हणाला, नाही. दोघेही तेव्हा अंगणात होते. न्हाणीच्या दाराशी होती ती मुलगी. तिने सांगितलं, आईला पाठीमागून धरून मी खाली बसवलं, कोपर तेवढं घासलं. कोपरावर खरचटलेलं होतं, डोक्यावर काहीच नव्हतं. ज्याने प्रत्यक्ष पाहिलं त्यालाच विचारावं लागतं, मग तो घरातला सगळ्यात लहान माणूस का असेना.

वजन ७२ किलो, मूत्रपिंडाचं काम दाखवणारं क्रिएटिनिन नॉर्मल, गर्भधारणेची तपासणी निगेटिव्ह. ती आल्यापासून तासाच्या आत एनॉक्सापॅरिन, हेपॅरिनचाच एक प्रकार, ७० मिलिग्रॅम पोटाच्या कातडीखाली दिलं. शिरेतून थेंबाथेंबाने द्यायचं साधं हेपॅरिन हवं तेव्हा थांबवता येतं, हा त्याचा फायदा. पण त्याला पंप आणि रक्ताच्या वारंवार तपासण्या लागतात. हलत्या ॲम्ब्युलन्समध्ये ते कुणी सांभाळायचं? पाळीच्या गोळ्या त्याच क्षणी बंद केल्या. प्लास्टर उभं कापून सैल केलं.

कुठे पाठवायचं? कोल्हापूर म्हणजे पावसात, धुक्यात घाट चढणं. त्यापेक्षा दक्षिणेला महामार्गाने गोवा बरा. आमच्या भागात कुणाचं दुखणं जास्त झालं की "बांबोळीक न्हेवया", म्हणजे गोव्यातल्या बांबोळीच्या मोठ्या सरकारी रुग्णालयात नेऊ या, हे आपसूक तोंडी येतं. गणपतीत मुंबईकडून येणारी गर्दी उत्तरेला तुंबते, दक्षिणेकडचा रस्ता त्या मानाने मोकळा असतो. आधी फोन करून तिथल्या डॉक्टरांना सगळं सांगितलं.

सोबत आमचे वैद्यकीय अधिकारी गेले. त्यांच्या पिशवीत टेनेक्टेप्लेज होतं, आणि खिशात एक कागद: वरचा रक्तदाब पंधरा मिनिटं ९० च्या खाली राहिला किंवा नाडी लागेनाशी झाली, तर वजनानुसार ४० मिलिग्रॅम, एकदम. हेपॅरिन झालेलं असताना हे दिलं तर रक्तस्रावाचा धोका आणखी वाढतो. तरी त्या परिस्थितीत ते द्यायचं, हे शांतपणे आधीच ठरवलेलं बरं. तीन आठवड्यांपूर्वी मोडलेला घोटा त्याच्या आड येणार नाही, हेही त्यावर लिहिलं होतं. वाटेत हे आठवत बसायची पाळी येऊ नये.

परिणाम

वाटेत ते लागलं नाही. सीटीत फुप्फुसाकडे जाणाऱ्या दोन्ही मुख्य शाखांमध्ये गुठळ्या दिसल्या. पहिल्या रात्री रक्तदाब ९४ पर्यंत उतरला. तिथल्या डॉक्टरांनी लॅक्टेट तपासलं (शरीराला रक्तपुरवठा कमी पडला की ते वाढतं), ते नॉर्मल होतं. लघवी होत होती, ती नीट बोलत होती. ते थांबले. पहाटे रक्तदाब आपोआप सावरला. तिसऱ्या दिवशी ऑक्सिजन काढला.

चौथ्या दिवशी वेगळीच अडचण आली. पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या बंद केल्या की दोन-तीन दिवसांत पाळी येतेच. इथे ती रक्त पातळ झालेलं असताना आली आणि खूप अंगावरून गेली. हिमोग्लोबिन ११.२ वरून ९.१ झालं. घरच्यांनी रक्त पातळ करणारं औषध बंद करा म्हणून आग्रह धरला. स्त्रीरोगतज्ज्ञांना बोलावलं गेलं, लोहाचं औषध सुरू झालं, हेपॅरिन चालूच ठेवलं. रक्तस्राव थांबवायला एरवी दिली जाणारी ट्रॅनेक्सॅमिक ॲसिडची गोळी ताज्या गुठळीच्या रुग्णाला देत नाहीत, तीही दिली नाही. पाच दिवसांत पाळी ओसरली. पहिल्या आठवड्यातच औषध थांबवलं असतं तर किंमत फार मोठी पडली असती.

घरी जाताना रक्त पातळ करणारी कोणती गोळी द्यायची, यात अंतर महत्त्वाचं ठरलं. वॉरफरिन स्वस्त, पण रक्ताचा आयएनआर (रक्त किती पातळ झालं याचा आकडा) २ ते ३ मध्ये राखायला सुरुवातीला आठवड्याला एक-दोन तपासण्या, त्यासाठी एसटीने तालुक्याला खेप, शिवाय पालेभाज्यांनी या गोळीचा परिणाम बदलतो म्हणून टाकळा, माठ, शेवग्याचा पाला रोज सारख्याच प्रमाणात खायचा. रिवारोक्साबान महाग, पण या तपासण्या नाहीत. तेच ठरलं: २१ दिवस १५ मिलिग्रॅम दोनदा, नंतर २० मिलिग्रॅम एकदा.

एक गोष्ट मी तिला पुन्हा पुन्हा सांगितली. ही गोळी भरल्या पोटी घ्यायची असते, रिकाम्या पोटी ती पुरेशी शोषली जात नाही. पुढे नवरात्र होतं आणि ती नऊ दिवस उपास करते. उपास सोडा म्हटलं असतं तर तिने मान डोलावली असती आणि गोळी चहाबरोबर घेतली असती. म्हणून ठरवलं ते असं: वरीचे तांदूळ आणि दाण्याची आमटी असं उपासाचं पोटभर जेवण रोज एकदा करायचं आणि त्याबरोबरच गोळी. तिने ते पाळलं.

दुखण्याच्या गोळ्यांमध्ये फक्त पॅरासिटामॉल ठेवली. बाकीच्या बहुतेकांनी रक्तस्राव वाढतो.

तीन महिन्यांनी तपासलं तेव्हा ती बागेच्या पायऱ्या न थांबता चढत होती. इकोमध्ये, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, उजवा कप्पा पूर्ववत. दम राहिला असता तर गुठळ्या तशाच राहून फुप्फुसातला दाब कायमचा वाढलाय का, हे वेगळ्या स्कॅनने पाहावं लागलं असतं. मोजक्याच रुग्णांत तसं होतं, पण ते शोधलं नाही तर सापडत नाही. प्लास्टर आणि संप्रेरकाच्या गोळ्या ही दोन्ही कारणं तात्पुरती होती, म्हणून औषध तीन महिन्यांनी थांबवलं. कारण सापडलं नसतं तर ते पुढे चालू ठेवण्याकडे माझा कल राहिला असता.

वेगळं काय करता आलं असतं

प्लास्टरमधल्या प्रत्येकाला प्रतिबंधक हेपॅरिन द्यावं का, असं तिच्या नवऱ्याने विचारलं. नेदरलँड्समधल्या पॉट-कास्ट अभ्यासात गुडघ्याखाली प्लास्टर असलेल्या सुमारे १,४०० रुग्णांत इंजेक्शन घेणाऱ्या १.४ टक्क्यांना आणि न घेणाऱ्या १.८ टक्क्यांना गुठळी झाली. म्हणजे सरसकट देऊन फारसं हाती लागत नाही. कुणाची जोखीम जास्त हे विचारून ठरवावं लागतं: आधी गुठळी झाली होती का, कर्करोग, लठ्ठपणा, संप्रेरकाच्या गोळ्या. प्लास्टर घातलं त्या दिवशी तिच्याकडे यातलं काहीच नव्हतं. गोळ्या नंतर आल्या.

त्यामुळे वेळ होती ती दुसऱ्या ठिकाणी. प्लास्टर आवळतंय असा फोन आला तेव्हा तिला बोलावून पाय पाहायला हवा होता. नवीन प्लास्टर पहिल्या दोन-तीन दिवसांत आवळतं. तिसऱ्या आठवड्यात आवळलं आणि पोटरी ठणकली तर गुठळीचा संशय घ्यावा. त्या दिवशी सोनोग्राफी झाली असती तर गुठळी पायातच असताना सापडण्याची शक्यता मोठी होती. चतुर्थीला दम लागला तेव्हा दुसरी संधी होती. घरातला ऑक्सिमीटर तेव्हाही कपाटातच होता.

आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांनी हृदयाचा त्रास समजून पाठवलं, पण लगेच पाठवलं, ऑक्सिजन लावून पाठवलं. निदान चुकीचं आणि कृती बरोबर, असं घडू शकतं. सलाईन तेवढं हळू हवं होतं.

आमच्याकडे सोनोग्राफी नसती तरी मी हेपॅरिन दिलं असतं का? हो. लक्षणं, नाडी, ऑक्सिजन आणि प्लास्टर एवढ्यावर संशय पुरेसा होता, आणि रक्तस्रावाचं कुठलंही कारण दिसत नव्हतं.

मुलगी आता एकोणीस वर्षांची आहे. संप्रेरकाची कुठलीही गोळी घेण्याआधी आईची ही हकीकत डॉक्टरांना सांगायची, हे तिला समजावलं आहे. आईने त्या गोळ्या पुन्हा घ्यायच्या नाहीत; पाळीचा त्रास राहिलाच तर गर्भाशयात बसवायच्या संप्रेरकाच्या तांबीचा पर्याय स्त्रीरोगतज्ज्ञांनी सांगून ठेवला आहे.

आमच्याकडे आता प्लास्टर घालताना एक चिठ्ठी देतात. पोटरी दुखली, बोटं सुजली, दम लागला, छातीत कळ आली, चक्कर आली तर त्याच दिवशी या. पाळीच्या किंवा गर्भनिरोधक गोळ्या घेत असाल किंवा घेणार असाल तर सांगा. गावातल्या मेडिकलवाल्यांशीही बोललो. त्यांच्यातला एक म्हणाला, बाई स्वतः दुकानात येतच नाही हो, पोराला चिठ्ठी देऊन पाठवते, विचारू कुणाला? म्हणून गणपतीच्या आधी घरोघर फिरणाऱ्या आशाताईंकडे ती चिठ्ठी दिली आहे. घरात कुणाचा पाय प्लास्टरमध्ये दिसला तर त्या गोळ्यांचं आधी विचारतात, तेही बाईला बाजूला घेऊन.